कमानीतून आधी कोण

"आत्ती, सोडा! मला धरू नका, सोडा!"

"आगं, पडशील की!"

"तुम्ही धरलंय म्हणून तर पडतेय!"

आणि आम्ही दोघी पडलो. डुगडुगत्या फळीवरून थेट खाली, निळ्याशार पाण्यात, एकमेकींच्या गळ्यात गळे घालून. म्हणजे फोनमधल्या आमच्या बाहुल्या पडल्या. आम्ही दोघी आपापला फोन धरून हॉलमधल्या दिवाणावर बसलो होतो आणि समोर चहा निवून चालला होता.

आत्ती म्हणजे माझ्या सासूबाई, हौसाबाई इंगवले. आमच्या कोल्हापूरकडे सासूला आत्ती म्हणतात. त्या वेळी त्यांनी सत्तरी ओलांडली होती आणि मी चाळिशीला आले होते. घरात आम्ही दोघीच. सासरे जाऊन एक जमाना झाला होता. माझा नवरा जयवंत जाऊन तिसरं वर्ष चाललं होतं.

त्या खेळाला सोसायटीतली पोरं पाडापाडी म्हणायची. कापूस ठासून भरल्यासारख्या जाड्याजुड्या बाहुल्या, त्यांना पळवत न्यायचं. वाटेत फिरतं लाकूड, मग पाण्यावरची फळी, मग तेल ओतल्यासारखा निसरडा चढ, आणि शेवटी कमान. सगळी गंमत वजनाची. बाहुली एका बाजूला झुकली की झुकतच जाते, धक्का बसला की लटपटते, आणि तिनं दुसरीला धरलं की दोघींचं वजन एकीच्या पायावर येतं. बटणं चारच होती, धावायचं, उडी मारायची, सूर मारायचा आणि समोरच्याला धरायचं. आत्तींचा अंगठा सदान्‌कदा त्या चौथ्या बटणावर.

मला तो खेळ चांगला येत होता. उगाच कशाला लाजायचं, फारच चांगला येत होता. जयवंत गेल्यावर दूध संघाच्या ऑफिसातून घरी आलं की संध्याकाळ अंगावर यायची. लोक अशा वेळी भजनाला लागतात, मी पाडापाडीला लागले. कुठल्या कुठल्या देशातल्या पोरांना पाण्यात ढकलून मी शांतपणे कुकर लावायला उठायचे. आत्ती शेजारी बसून बघायच्या आणि मी कुणाला पाडलं की खूश व्हायच्या. "पाड त्येला, लई माजलाय," म्हणायच्या. पण स्वतः त्यांनी कधी फोन हातात घेतला नव्हता. त्या वर्षी घेतला, त्याला कारण घडलं.

आमच्या सोसायटीच्या गणपतीत रोज एका घरातलं जोडपं आरतीला उभं राहायचं आणि शेवटच्या दिवसाची आरती अध्यक्षांची, म्हणजे बापूसाहेब सरनोबत आणि सरनोबतकाकूंची. त्या वर्षी मंडळाच्या पोरांनी टूम काढली. लिंबू-चमचा आणि संगीत खुर्चीचा सगळ्यांना कंटाळा आलाय, तर पार्किंगमध्ये मोठा पडदा लावून पाडापाडीची स्पर्धा घ्यायची. प्रत्येक घरातून दोघे. दोघंही कमानीतून आत गेले तरच घर जिंकलं. आणि जे घर जिंकेल त्याला शेवटच्या दिवशीच्या आरतीचा मान. मुळीकांच्या हर्षदनं माइकवरून हे जाहीर केलं तेव्हा बापूसाहेब मान डोलावत हसले. त्यांचा तेजस आणि नवी सून गौरवी दोघंही असल्या खेळांत तरबेज, त्यामुळे मान घरातच राहणार याची त्यांना खात्री होती.

मी मात्र ते ऐकून मनाशी ठरवूनच टाकलं. मला ती आरती हवी होती.

जयवंत गेल्यानंतरच्या पहिल्या गणपतीत आमच्या घराचा दिवस आला तेव्हा मी नेहमीसारखी पुढे होऊन ताटाला हात घातला होता. सरनोबतकाकूंनी माझ्या हातावर हात ठेवला. अगदी मायेनं. "राहू दे गं वृंदा, ऑफिसातून दमून आलीस, कशाला त्रास," म्हणाल्या आणि ताट शेजारच्या जोडप्याच्या हातात गेलं. मला ते खरंच वाटलं. घरी येऊन चप्पल काढताना लक्षात आलं की दमून तर मी आदल्या वर्षीही आले होते. त्यानंतर आमच्या घराचा दिवस आलाच नाही. कुणी नको म्हटलं नाही. नको म्हटलं असतं तर मी भांडले तरी असते. नुसतं कुणी बोलावलंच नाही, आणि न बोलावणाऱ्याशी भांडायचं कसं हे मला अजून कळलेलं नाही.

आत्ती तर आरतीच्या वेळी पार लांब, पार्किंगच्या टोकाला पाण्याच्या टाकीजवळ उभ्या राहायच्या. कापराचा धूर सोसत नाही म्हणायच्या. मी विचारायचं सोडून दिलं होतं.

"आत्ती, मला ती स्पर्धा जिंकायचीय," मी त्याच दिवशी म्हटलं. "दोघी लागतात. घरात दुसरं कोण आहे?"

त्यांनी माझ्याकडे बघितलं, मग टेबलावरच्या जयवंतच्या जुन्या फोनकडे. "मला जमंल व्हय?"

"जमवायचं."

"आरतीचं तू बघ. मी आपला पाडायला येतो," त्या म्हणाल्या. आमच्याकडच्या बायका अशाच येतो-जातो करतात, त्यात पुण्याच्या लोकांनी हसण्यासारखं काही नाही.

मग सुरू झाली आमची तालीम. फिरतं लाकूड त्यांना लवकर जमलं. पडल्या की मोठ्यानं हसायच्या, इतक्या की डोळ्यांना पदर लावायच्या. घरात कुणी एवढं हसल्याला किती दिवस झाले होते! पण फळीवर आलं की घोडं अडायचं. माझी बाहुली जरा डुगडुगली की त्यांचा जीव कासावीस व्हायचा, त्या धावत यायच्या आणि मला धरायच्या. की फळी कलंडली आणि दोघी पाण्यात.

"आत्ती, धरायचं नाही. माझ्यापासून लांब राहायचं. तुम्ही डाव्या कडेनं, मी उजव्या कडेनं. दोघींनी बरोबरीनं चालायचं. कावडीगत."

"आणि तू पडलीस तर?"

"पडले तर उठेन. तुम्ही तुमची कड सोडायची नाही."

"हे बरं हाय," त्या पुटपुटल्या. "जवळची माणसं पडताना बघत बसायची."

मी निवलेल्या चहाचा घोट घेतला. त्यांनीही चहाचा कप उचलला. पण त्या दिवसानंतर त्यांनी मला फळीवर धरलं नाही. अंगठा त्या बटणापाशी जायचा आणि माघारी यायचा.

स्पर्धा विसर्जनाच्या आदल्या दिवशी, संध्याकाळची आरती झाल्यावर होती. पार्किंगमधल्या गाड्या बाहेर काढल्या होत्या, एका भिंतीला मोठा पांढरा पडदा, समोर प्लॅस्टिकच्या खुर्च्या, आणि बाजूला मखरात गणपती. हर्षदनं मार्ग स्वतः तयार केला होता. शेवटची कमान तर त्यानं अशी सजवली होती की बघत राहावं. केळीचे खांब, झेंडूची तोरणं, समोर रांगोळी. पडद्यावर ती कमान आमच्या मखरापेक्षा देखणी दिसत होती. बायकांनी आऽहा केलं. माझ्या शेजारी आत्तींनी पदर पुढं ओढून घेतला. मला वाटलं, गर्दीला बुजल्या.

पहिल्या फेऱ्या आम्ही सहज काढल्या. म्हणजे मी सहज काढल्या आणि आत्तींनी रडतखडत, पण काढल्या. प्रतिस्पर्धी हसत होते तोवर पाण्यात पडत होते. तिसऱ्या मजल्यावरचे दोघे भाऊ फळीवर एकमेकांना शिव्या देतच बुडाले. शेवटी उरली दोनच घरं. इंगवले आणि सरनोबत.

"काकू, आजींना सीटबेल्ट लावा," तेजस फोन पुसत म्हणाला. पोरगं वाईट नव्हतं, तोंड जरा जास्त चालायचं इतकंच.

"तुझ्या बायकूला लाव बाबा," आत्ती म्हणाल्या. "नवी हाय अजून, पळून जाईल."

पार्किंगभर हशा पिकला. गौरवीही हसली. लग्न होऊन दोन-तीन महिनेच झाले होते, हातात अजून हिरवा चुडा होता, त्यातून ती फोन सावरत होती.

हर्षदनं शिट्टी फुंकली.

फिरत्या लाकडावरून तेजस वाऱ्यासारखा निघाला. मी त्याच्या मागोमाग. आत्ती दोनदा घसरल्या पण लाकूड सोडलं नाही. गौरवी त्यांच्याही पुढे. फळीवर तेजस एका कडेनं धावत सुटला आणि गौरवी त्याच्या पावलावर पाऊल टाकत त्याच कडेनं. मला हवं होतं ते हेच.

"आत्ती, आता थांबा. आपण लगेच चढायचं नाही."

फळी त्यांच्या बाजूनं कलली. तेजसनं उडी मारून पलीकडचा काठ गाठला, पण त्याच्या उडीचा झटका मागं बसला आणि गौरवीची बाहुली पाय वर करून पाण्यात गेली. लोक ओरडले. पडलं की फळीच्या सुरुवातीपासून पुन्हा यावं लागतं.

"आता चला. तुमची डावी, माझी उजवी."

आम्ही निघालो. फळी एकदा त्यांच्याकडे झुकली, एकदा माझ्याकडे. मी डोळ्याच्या कोपऱ्यातून बघत होते, आत्तींचे ओठ घट्ट मिटलेले, जीभ गालात. मध्यावर माझी बाहुली भेलकांडली. पार्किंगमधून कुणीतरी "गेली गेली" म्हणालं. आत्तींनी माझ्याकडे न बघता आपली कड धरून ठेवली आणि फळी सरळ झाली. आम्ही पलीकडे गेलो. मी तिथंच ओरडणार होते, पण चढ समोर होता.

निसरड्या चढाची एक युक्ती आहे, सरळ चढायचं नाही, आडवं आडवं जायचं. हे मी त्यांच्याकडून घोटून घेतलं होतं. तेजस वर पोचून गौरवीची वाट बघत थांबला होता. मी त्याला गाठलं, आम्ही खांद्याला खांदा लावून कमानीपर्यंत आलो आणि जवळजवळ एकदमच आत गेलो. आत गेलं की बाहुली पडद्यावरून नाहीशी होते, परत येता येत नाही. माझं काम संपलं होतं.

आता पडद्यावर दोघीच. आत्ती चढावर, आडव्या आडव्या, हळूहळू. खाली फळी ओलांडून गौरवी धावत येत होती.

"हौसाबाई इंगवले वर येताहेत!" हर्षद माइकवर बेंबीच्या देठापासून ओरडत होता. "हौसाबाई वर आल्या! समोर फक्त कमान! कुणीच नाही मध्ये!"

कुणीच नव्हतं. सपाट रांगोळी आणि कमान. चार पावलं फार तर. मी खुर्चीवरून अर्धी उठले होते.

आणि आत्ती थांबल्या.

कमानीसमोर येऊन त्यांची बाहुली थांबली, आणि मग बाजूला झाली. रांगोळीच्या कडेला, केळीच्या खांबाला चिकटून उभी राहिली. मला वाटलं फोन बंद पडला.

"आत्ती, काय झालं? चला की!"

"पळा, पळा!" मागून पोरं ओरडत होती. "आजी, पळा!"

त्यांनी मान माझ्याकडे वळवली नाही. आवाज इतका हळू की तो फक्त मला ऐकू आला. "तिला जाऊ दे आधी. नवी नवरी हाय. असल्या दारातनं आपुन आधी जायचं नसतंय."

मी त्यांच्याकडे बघत राहिले. धूर. कापराचा धूर! त्या बाईला कसलाही धूर बाधत नव्हता. चुलीपुढं अर्धं आयुष्य काढलेली बाई. त्या टाकीजवळ उभ्या राहायच्या कारण कुणीतरी हातावर हात ठेवायच्या आधी त्या स्वतःच बाजूला व्हायला शिकल्या होत्या. माझ्या लग्नात, मला आठवलं, गृहप्रवेशाच्या वेळी माप माझ्यासमोर दुसऱ्याच कुणी बाईनं ठेवलं होतं. आत्ती आत स्वयंपाकघराच्या दाराआडून बघत होत्या. मला वाटलं होतं की कामात असतील.

गौरवी चढावर आली होती.

मला राग आला, रडू आलं, सगळं एकदम आलं. मी त्यांच्या कानाशी गेले. "आत्ती, मी गेले की त्याच कमानीतून. आत्ता गेले. काय झालं?"

"तू ल्हान हाईस."

"लहान असले तरी कपाळ तेच आहे. मग मीपण उद्या टाकीजवळ येऊन उभी राहते. तुमच्या शेजारी. तुमच्याएवढी होईपर्यंत तिथंच उभी राहते."

आत्तींनी फोनवरची नजर काढून माझ्याकडे बघितलं. असं बघितलं जसं मी त्यांना शिवी दिली होती.

"तू कशापायी हुबी ऱ्हाशील तितं?" त्या म्हणाल्या, हळू नाही, चांगल्या मोठ्यानं. आणि त्यांचा अंगठा हलला.

पण तेवढ्यात गौरवी वर पोचली होती. आत्तींनी खांबापासून पाऊल उचललं आणि गौरवीनं मागून त्यांना धरलं. नियमात बसणारंच होतं ते, पोरगी जिंकायला खेळत होती. आत्तींची बाहुली पुढे ओढ घेत होती, गौरवीची मागे. दोघी डुलत होत्या, एकदा कमानीकडे, एकदा चढाकडे. चढावरून घसरल्या तर संपलंच होतं.

"सूर मारा, आत्ती! पुढं झुकल्या की सूर!"

"कवा?"

"थांबा... थांबा... आता!"

त्यांनी बटण असं दाबलं की मला वाटलं, काच फुटणार. बाहुली आडवी झाली, गोफणीतून सुटल्यासारखी डोकं पुढे करून कमानीत शिरली, आणि तिला धरून बसलेली गौरवी तिच्या मागून फरफटत, हिरव्या रंगाची, पाय झाडत.

क्षणभर पडद्यावर नुसती झेंडूची फुलं उधळत राहिली. मग पडद्यावर नाव झळकलं. हौसाबाई.

"पडलो का गेलो?" आत्ती विचारत होत्या. "आगं सांग की, पडलो का गेलो?"

"गेलात! आत्ती, आधी गेलात!"

पार्किंगमध्ये जो गोंधळ उठला, तो मी आजतागायत विसरलेले नाही. पोरांनी ढोल बडवला. हर्षदनं माइक टाकून आत्तींना खुर्चीसकट उचललं. त्या वरून ओरडत होत्या, "आरं, ठेव खाली, तालमीतला गडी हाय व्हय मी!" आणि हसत होत्या, पदर तोंडाला न लावता, सगळ्यांसमोर. तेजस येऊन त्यांच्या पाया पडला. मी रडत होते आणि मला त्याचं काही वाटत नव्हतं.

दुसऱ्या दिवशी दुपारी विसर्जनाची तयारी झाली. फाटकाबाहेर ट्रॅक्टर सजून उभा होता. आत्तींनी ठेवणीतलं जांभळं लुगडं नेसलं होतं. आम्ही दोघी मखरासमोर जाऊन उभ्या राहिलो तेव्हा बापूसाहेब लगबगीनं माझ्याजवळ आले.

"वृंदावहिनी, अभिनंदन. काल काय खेळलात! मान तुमचाच, त्यात काही प्रश्नच नाही." ते घसा साफ करत थांबले. "फक्त असं करूया का, ताट तेजस आणि गौरवी धरतील, तुम्ही दोघी शेजारी उभ्या राहा. शेवटचा दिवस आहे, जोडप्याच्या हातून झालेलं बरं. पद्धत आहे आपली. तुमचा मान म्हणून तुमचं नाव पुकारू."

त्यांच्यामागं सरनोबतकाकू पदर सावरत उभ्या होत्या. माझ्या तोंडात उत्तर तयार होतं, दोन वर्षं घासून धार लावलेलं. पण मला ते वापरायची वेळच आली नाही.

"बापूसाहेब," आत्ती म्हणाल्या. सगळी सोसायटी ऐकत होती. "तुमच्या सुनंनं काल मला मागनं धरून वडलं. जीव खाऊन वडलं. तरीबी मी आत गेलो, आणि तिलाबी घिऊन गेलो. समद्यांनी बघितलंय. आता आणा ते ताट हिकडं."

कुणी हललं नाही. ताट गौरवीच्या हातात होतं, तिनंच वाती लावल्या होत्या. तिनं सासऱ्यांकडे बघितलं नाही, सासूकडेही नाही. सरळ चालत आली.

"आजी, जड आहे. नीट धरा," ती म्हणाली आणि ताट दिलं.

एक कड आत्तींनी धरली, एक मी. आत्तींचा आवाज पहिल्या ओळीला फुटला, दुसऱ्या ओळीला सापडला, आणि त्यानंतर मात्र त्यांनी कुणाला पुढं जाऊ दिलं नाही. मला माहीतच नव्हतं त्यांचा आवाज एवढा मोठा आहे. गणपतीची झाली. शंकराची झाली. ढोलवाली पोरं काठ्या उचलून तयार झाली, तर आत्तींनी देवीची सुरू केली. ती संपली तेव्हा बाहेर ट्रॅक्टरवाल्यानं हॉर्न वाजवला. आत्तींनी डोळे मिटले आणि विठ्ठलाची धरली, तीही लांबवून लांबवून.

बापूसाहेब माझ्या कानाशी वाकले. "वहिनी, उशीर होतोय. पोलिसांनी वेळ दिलीय आपल्याला. सांगा की त्यांना, पुरे म्हणावं."

"तुम्हीच सांगा," मी म्हटलं.

त्यांनी आत्तींकडे बघितलं. घामानं कपाळ डबडबलेलं, ज्योतीचा उजेड तोंडावर, आणि गाणं असं की चौथ्या मजल्यावर ऐकू जावं. बापूसाहेबांनी मनगटावरचं घड्याळ बघितलं. मग दोन्ही हात वर घेतले आणि टाळ्या वाजवायला लागले.